पाचव्या मजल्यावरचा मिशीचा खटला

मला कोणी विचारलं तर मी सांगेन, खरा गुन्हेगार आमच्या बिल्डिंगची लिफ्ट. पण मला विचारतंय कोण! खटला चालला तो माणसांवर, आणि तोही माझ्याच हॉलमध्ये, सोफ्याला नुकतंच धुतलेलं कव्हर घातलेलं असताना.

आम्ही राहतो दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कात, पाचव्या मजल्यावर. मी जवळच्या एका क्लिनिकमध्ये रिसेप्शनला असते. आमचे हे, रामेश्वर, आम्ही राहतो त्याच बिल्डिंगचे मेन्टेनन्स सुपरवायझर. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा असा. उन्हाळ्यापासून लिफ्ट बंद. सुपरवायझरची बायको दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या घेऊन जिने चढते आणि चौथ्या मजल्यावरची फिरदोस दारात उभी राहून विचारते, "भाभी, पार्ट आया?" पार्ट जर्मनीहून निघाला होता म्हणे. चालत निघाला असावा.

आता मिशीबद्दल. माझे सासरे गेले तेव्हा हे एकोणीस वर्षांचे होते. सासऱ्यांची मिशी अख्ख्या कुडाळात प्रसिद्ध होती. ते गेले आणि ह्यांनी त्याच मापाची, त्याच वळणाची मिशी ठेवली. लग्नात अंतरपाट खाली आला तेव्हा मला आधी मिशी दिसली, नवरा मागाहून दिसला. मला ती मिशी कधीच आवडली नाही, हे मी आजही तोंडावर सांगते. सोलकढी प्यायले की निम्मी पोटात आणि निम्मी मिशीत. पण ह्यांचा जीव तिच्यात. साइटवरची माणसं त्यांना घाबरतात ती मिशीमुळे, असं ह्यांचं ठाम मत आहे. मला विचाराल तर त्यांना पगार कापला जाईल म्हणून भीती वाटते, पण जाऊ दे.

ह्या मिशीची देखभाल करायचा रेबवार. आमच्या बिल्डिंगखालच्या सलूनमध्ये तो न्हावी आहे. इराकच्या डोंगराळ भागातला, कुर्द. कोणी त्याला अरब म्हटलं की त्याची कात्री थांबते आणि आधी भूगोलाचा तास होतो. तिशीतला पोरगा, पण स्वतःची मिशी अशी झुबकेदार की ह्यांनी पहिल्याच दिवशी त्याला धाकटा भाऊ मानलं. दर शुक्रवारी सकाळी हे खाली जायचे, पंधरा दिरहम, म्हणजे आपले साडेतीनशे रुपये देऊन मिशी कोरून घ्यायचे. घरी मी केस कापायला तयार असताना! गिऱ्हाइकांकडून शिकलेलं त्याचं हिंदी आणि ह्यांचं मालवणी वळणाचं हिंदी, दोघांचं छान जमायचं.

तर एका शुक्रवारी सलूनमध्ये लोकांनी लिफ्टवरून ह्यांना छेडलं. झालं. ह्यांनी मिशीला पीळ दिला आणि भर दुकानात गर्जना केली, "महिना संपायच्या आत लिफ्ट चालू झाली नाही, तर ही मूंछ उतार के रख दूंगा!"

आता तुम्हीच सांगा, आपल्याकडे दिवसातून किती पुरुष हे वाक्य बोलतात? बोलणाऱ्या सगळ्यांनी शब्द पाळला असता तर कोकणात मिशीवाला माणूस औषधालाही सापडला नसता. पण रेबवारने मशीन बंद केलं आणि छातीवर हात ठेवला. त्यांच्याकडे मिशीची शपथ म्हणजे बापाची, आज्याची आणि गावातल्या सगळ्या म्हाताऱ्यांची शपथ. एकदा घेतली की घेतली. हे अर्थातच त्याने नंतर सांगितलं. त्या वेळी हे "चल यल्ला, बारीक कर" म्हणून डोळे मिटून बसले.

महिना संपला. पार्ट जर्मनीहून तुर्कस्तानपर्यंत आला होता. शुक्रवारी हे खाली गेले, खुर्चीत बसले आणि नेहमीसारखे घोरायला लागले. रेबवार म्हणतो, मी तीन हाका मारल्या. हे म्हणतात, एकही ऐकू आली नाही. दोघंही खरं बोलत असणार, कारण हे झोपले की कानाशी ढोल वाजवा, फरक पडत नाही. रेबवारला वाटलं, माणूस लाजेने डोळे उघडत नाहीये. मित्राची शपथ मोडली तर त्याची इज्जत जाईल, आणि ती वाचवणं हे आपलं काम. बिचाऱ्याने डोळ्यांत पाणी आणून वस्तरा उचलला.

हे घरी आले ते तोंडाला मास्क लावून.

"पापा, आर यू सिक?" आमच्या समिधाने विचारलं. ती दहावीला आहे. मी मराठीत बोलते, ती इंग्लिशमध्ये उत्तर देते आणि दोघींचं बरं चाललंय.

"ॲलर्जी आहे," हे म्हणाले आणि सरळ बाथरूममध्ये गेले. जेवायला बाहेर येईनात. मी दार बडवलं तेव्हा आतून ओरडले, "त्या हलकटाने माझी मिशी काढली!"

आता मी हसायला नको होतं. मान्य. पण मला हसू आवरेना. मी तिथेच जमिनीवर बसले आणि पोट धरून हसले. त्या हसण्याने सगळा घोळ वाढला. ह्यांनी ठरवून टाकलं की मला तोंड दाखवायचंच नाही. मास्क खालून उचलून जेवायचे, मास्क लावून झोपायचे. कुडाळहून सासूबाईंचा व्हिडिओ कॉल आला तर कॅमेरा बिघडलाय म्हणून सांगितलं. सासूबाई ऐंशीच्या घरात, पण आवाज अजून खणखणीत. दर शुक्रवारी दुपारी फोन करून झीलाची, म्हणजे लेकाची, चौकशी एक मिनिट आणि माझ्या स्वयंपाकघराची तपासणी तासभर, असा त्यांचा कार्यक्रम असतो. आमचं दोघींचं कधी पटलं नाही. त्या शुक्रवारी कॅमेरा बंद म्हटल्यावर मला जरा बरंच वाटलं.

"मी पोलिसांत जातो," हे म्हणाले.

"जाऊन काय सांगणार? मिशी चोरीला गेली? वर्णन विचारलं तर?"

"तुला सगळं थट्टेवारी नेता येतं."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी रेबवारची बायको कुबरा आली. जवळच्या नर्सरीत काम करते, आठवा महिना लागलेला. पाच मजले चढून आलेली, तोंड पांढरं पडलेलं. मी तिला आधी पंख्याखाली बसवलं, पाणी दिलं. ती पाणी प्यायली आणि रडायला लागली.

तिच्या रडण्यातून मला जे कळलं ते असं. दुबईतच रास अल खोरला सुक्या मेव्याचं गोदाम असलेले कोणी काक शेरको आहेत. काक म्हणजे थोरला भाऊ, मान द्यायचा तर नावाआधी लावतात. इथल्या कुर्दांत गाडीला ओरखडा पडो नाहीतर साखरपुडा मोडो, भांडण आधी ह्या पांढऱ्या दाढीवाल्यांपुढे जातं. रेबवार स्वतःच त्यांच्याकडे गेला आणि म्हणाला, मी एका माणसाची मिशी उतरवली, तो म्हणतो मी शपथ घेतलीच नव्हती. काक शेरकोंनी कपाळाला हात लावला. म्हणाले, ज्याची मिशी गेली त्याने माफ केलं तर ठीक. नाहीतर गुन्हा करणाऱ्याने त्या माणसाच्या रस्त्यावर सावलीही पाडायची नाही. रेबवारने दीड तासावरच्या अल ऐनला जायचं. तिथे त्यांच्या चुलतभावाचं सलून आहे.

"अगं, अल ऐन म्हणजे काय अंदमान आहे का?" मी म्हटलं. "छान आहे की. शांत, खजुराची झाडं."

"दीदी, गाडी नाही," ती म्हणाली. "माझी नोकरी इथे, इन्शुरन्स इथे, हॉस्पिटल इथे. तो तिथे. कळा येतील तेव्हा मी हाक कुणाला मारू?"

मला माझंच बाळंतपण आठवलं. समिधाच्या वेळी हे साइटवर अडकले होते आणि मी टॅक्सीवाल्या पठाणाचा हात धरून कळा सोसल्या होत्या. मी तिला म्हटलं, रडू नकोस, माझा नवरा आहे, माझं ऐकेल. बोलताना माझी जीभ जरा चाचरलीच.

"माफी?" हे मास्कमधून गरजले. "मिशी परत येईपर्यंत नाही."

"अहो, वाढेल ती. गवत नाही का वाढत?"

"आणि तोवर साइटवरची चाळीस माणसं मला हसतील, त्याचं काय?"

"त्या पोरीचं बाळ बापाशिवाय जन्माला येईल, त्याचं काय?"

ह्यांनी मास्क नाकावर ओढला. पण माफ करतो म्हणाले नाहीत. पुरुषाचा हट्ट फार वाईट. बाईचा हट्ट पुरवला की संपतो, ह्यांचा पुरवायचा म्हणजे काय करायचं तेच कळत नाही. एवढं मात्र कबूल केलं की काक शेरको आले तर त्यांचं ऐकून घेईन.

शुक्रवारी नमाजानंतर ते येणार होते. मी सकाळपासून कामाला लागले. कांदेपोहे, शिरा, ओल्या नारळाच्या करंज्या. म्हटलं, खाऊन पिऊन माणसाचं मन जरा सैल होतं, ह्यांचंही होईल. कुबरा आधीच येऊन माझ्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसली होती, कारण बैठकीत तिला जायचं नव्हतं आणि घरी तिला राहवत नव्हतं.

पाहुणे आले ते आधी ऐकू आले. दुसऱ्या मजल्यापासून धापा ऐकू येत होत्या. तिसऱ्यावर कोणीतरी बसलं. चौथ्यावर फिरदोसने खुर्ची दिली. शेवटी दारात तीन म्हातारे उभे राहिले. मधले काक शेरको, उंच, पांढरीशुभ्र दाढी, ढगळ विजारीवर कमरेला गुंडाळलेला लांबच लांब कापडी पट्टा. एका बाजूला एक ढेरपोटे आजोबा आणि दुसऱ्या बाजूला मेंदीने दाढी लाल केलेले, ज्यांचा जीव अजून तिसऱ्या मजल्यावरच होता. त्यांच्या मागे मान खाली घालून रेबवार. आमचा रेबवार! त्यांच्यात माफी मागायला गळ्यात कफन घालून यायची रीत, म्हणून त्याने सलूनमधला गिऱ्हाइकाला बांधतात तो पांढरा कपडा बांधला होता. हातात ताट, ताटात वस्तरा. मला एकदम भडभडून आलं आणि हसूही आलं, मग मी खोकले.

तिघं बसले. मी लगबगीने पाणी आणलं. काक शेरकोंनी छातीवर हात ठेवून मान हलवली. नको.

बरं, म्हटलं, चहा घेतील. आलं घालून केलेला, दाट, दुधाचा. नको.

आपल्याकडे पाहुणा पहिल्यांदा नको म्हणतो ते भिडेने. दुसऱ्यांदा म्हणतो ते रीत म्हणून. मी आग्रह केला. "काका, थोडा तरी. बिनसाखरेचा करू? कॉफी चालेल? ताक? कोकम सरबत आहे, घरचं." लाल दाढीवाल्यांची नजर सरबताच्या ग्लासाबरोबर डावीकडून उजवीकडे गेली, पण हात हलला नाही. कपाळावरून घाम गळत होता. माझा पारा चढला. घरी येऊन पाणी नाकारतात? आपल्याकडे कोणाच्या घरचं पाणी चालत नाही म्हणजे काय, ते मी तुम्हाला सांगायला नको.

"आमच्या घरचं पाणी चालत नाही का तुम्हाला?" मी हिंदीत सरळ विचारलं. तिघांनी खाली बघितलं. मी तणतणत स्वयंपाकघरात गेले आणि ट्रे ओट्यावर आदळला. "एवढाच विटाळ होतो तर आले कशाला गं हे?"

"दीदी, नाही!" कुबरा घाबरून उठली. "ते पिणार नाहीत. माफी मागायला येतात ते आधी काही घेत नाहीत. यजमानाने माफ केलं की मगच घोट घ्यायचा. घेतला तर खलास, बोलणं मिटलं असा अर्थ होतो."

म्हणजे बघा. तीन म्हातारे पाच जिने चढून माझ्या हॉलमध्ये तहानेने व्याकूळ बसले होते आणि त्यांच्या घशात आणि माझ्या सरबतात फक्त ह्यांचा वरचा ओठ आडवा आला होता. मी धावत बाहेर आले. "अहो, करून टाका हो माफ! त्या लाल दाढीवाल्यांना काही झालं तर मेडिकलचं मी बघणार नाही!"

"नर्मदा, तू मध्ये बोलू नकोस," हे म्हणाले. मास्क लावून, सोफ्यावर ताठ.

काक शेरकोंनी चौकशी सुरू केली. रास अल खोरच्या गुजराती व्यापाऱ्यांशी आयुष्यभर घासाघीस केल्यामुळे त्यांचं हिंदी आमच्यापेक्षा चांगलं होतं.

"रामेश्वरभाई, तुम्ही मिशीची शपथ घेतली होती?"

"अहो, ती काय शपथ! बोलण्याची पद्धत आहे ती."

काक शेरकोंनी बाकी दोघांकडे बघितलं. ढेरपोट्या आजोबांनी जीभ टाळ्याला लावून च्यक् केलं.

"तुमच्या मुलखात बापाची मिशी पणाला लावायची, ही बोलण्याची पद्धत आहे?"

ह्यांनी सोफ्याचं कव्हर ओढून सारखं केलं. आपण इतकी वर्षं हे काय बडबडतोय, असा विचार मलाही त्या क्षणी पहिल्यांदाच आला.

"आणि लिफ्ट चालू झाली?"

"पार्ट सौदीत, दमामला पोचलाय. इन्शाल्ला, पुढच्या आठवड्यात..."

"लिफ्ट बंद आहे," लाल दाढीवाले पहिल्यांदाच बोलले. "मी साक्षीदार आहे." एवढं बोलून त्यांना पुन्हा धाप लागली.

तिघांनी डोकी एकत्र आणली. कुर्दीत बराच वेळ कुजबुज झाली. दोनदा लाल दाढीवाल्यांनी स्वयंपाकघराकडे बोट दाखवलं, ते बहुतेक लवकर आटपा म्हणत असावेत. मग काक शेरको सरळ बसले.

"शपथ खरी होती. ती मोडली, हेही खरं. पण झोपलेल्या माणसाकडून शपथ वसूल करत नाहीत. जागं करायचं, समोर उभं करायचं आणि त्याच्याच हातात वस्तरा द्यायचा. रेबवारचा गुन्हा आहे. आता जखम दाखवा."

"काय?"

"नुकसान बघितल्याशिवाय निवाडा कसा करणार? मास्क काढा."

ह्यांनी माझ्याकडे बघितलं. मी मान वळवली, म्हटलं, नाही हसणार, शप्पथ. ह्यांनी कानामागचा दोरा सोडला. मास्क खाली आला.

मी हसले नाही. माझा हात आपोआप ओढणीकडे गेला आणि मी ती डोक्यावरून घेतली. समोर माझ्या सासूबाई बसल्या होत्या. पॅन्ट-शर्टात. तोच बारीक ओठ, तीच नाकाखालची खोलगट जागा, रागावल्यावर डावीकडे खाली ओढला जाणारा तोच कोपरा. इतकी वर्षं मी ह्या माणसाबरोबर संसार केला आणि मिशीमागे कोण बसलंय ह्याचा मला पत्ता नव्हता.

"ओ माय गॉड," दारातून समिधा म्हणाली. "आजी."

ढेरपोट्या आजोबांनी डोळ्यांवर हात घेतला. काक शेरको हळहळले. रेबवार तर ह्यांच्यासमोर गुडघ्यांवर बसला, ताट पुढे केलं आणि तोंड वर केलं. "भाईसाब, मिशीच्या बदल्यात मिशी. तुम्ही माझी काढा. पण मला इथून पाठवू नका. बाळ आल्यावर मी पाहिजे तर पायी अल ऐनला जाईन, पण आता नको." स्वयंपाकघरात कुबरानं हुंदका दिला, तो बाहेर सगळ्यांना ऐकू आला.

ह्यांनी वस्तरा उचलला. मी म्हटलं, अहो! आमच्या ह्यांनी घरात साधं कलिंगड कापलं तर बोटाला टाके पडतात. वस्तरा वाकडातिकडा रेबवारच्या मिशीकडे निघाला. रेबवारने डोळे मिटले. लाल दाढीवाल्यांनी पण मिटले.

आणि टॅबलेट वाजला. शुक्रवारची दुपार. समिधाने सवयीने कॉल घेतला आणि आजी म्हणून स्क्रीन सरळ पापाच्या तोंडासमोर धरली.

"गो नर्मदा," कुडाळहून आवाज आला, "ही कोण बायल बसली आसा थंय?"

स्क्रीनवर एक तोंड, सोफ्यावर तेच तोंड. काक शेरको एकदा इकडे बघत, एकदा तिकडे.

"आई, मी," हे म्हणाले.

"रामा?" सासूबाईंनी फोन डोळ्यांजवळ नेला, इतका की आम्हाला फक्त कुंकू आणि भुवई दिसत होती. नवरा, त्यांच्या भाषेत घोव, गेल्यावरही त्यांनी कुंकू सोडलं नाही, अशी बाई आहे ती. "मिशी खंय गेली?"

"कापली गेली."

मला वाटलं, आता तोफ सुटणार. मी तयारीच करून बसले होते, कारण शेवटी दोष माझ्याच माथी येणार. पण सासूबाई हळूच म्हणाल्या, इतक्या हळू की मला त्यांचा तो आवाज ओळखू आला नाही, "तोंड जवळ घे रे. हांऽऽ. बापूस गेलो आणि तू त्याची मिशी लावन बसलंस. माका रोज समोर घोवाचा तोंड. घोव तर गेलोच होतो, माझो झील पण माका परत दिसाक नाय. आज दिसलो."

ह्यांचा तो ओठ थरथरायला लागला. मिशी असती तर कोणाला कळलंही नसतं. आत्ता सगळ्यांना दिसत होतं आणि लपवायला काही नव्हतं. ह्यांच्या हातातला वस्तरा ताटात पडला.

"कोणी कापली?" सासूबाईंनी विचारलं.

रेबवारला मालवणी कळत नव्हतं, पण शाळेत चुकलेल्या मुलासारखा त्याने गळ्यातल्या पांढऱ्या कपड्यातून हात वर केला. काक शेरको उठून उभे राहिले. म्हातारीसमोर बसायचं नाही म्हणून. ते उठले म्हणून बाकीचे दोघंही उठले, लाल दाढीवाले सोफ्याचा आधार घेत.

"ह्यो? बरो दिसता," सासूबाई म्हणाल्या. "तेका सांग, पुढच्या शुक्रवारी पण कर म्हणान. माका बघूक व्हया. आणि नर्मदा, तेका कायतरी खाऊक घाल, केदोळपासून उपाशी दिसता. मी ठेवतंय, आमटी उतू जाता."

फोन बंद झाला. बाईने नेहमीप्रमाणे दुसऱ्याचं काही ऐकून घेतलं नव्हतं. मी आयुष्यात पहिल्यांदा त्यावर रागावले नाही.

हे उठले. ओठ पुसला, म्हणजे मिशी पुसायची सवय, हात तिथे गेला आणि नुसताच फिरला. मग ओट्यावरून सरबताचा ग्लास आणला आणि लाल दाढीवाल्यांच्या हातात दिला. "घ्या आजोबा. माफ केलं."

आजोबांनी ग्लास एका दमात संपवला. दुसरा संपवला. तिसऱ्याच्या वेळी मी तांब्याच दिला. रेबवार ह्यांच्या गळ्यात पडून रडला, हे त्याच्या गळ्यात पडून रडले, समिधा "दिस इज सो एम्बॅरसिंग" म्हणत स्वतः डोळे पुसत होती. कुबरा बाहेर आली तिला मी सोफ्यावर बसवलं आणि शिऱ्याची बशी हातात दिली. त्या तीन म्हाताऱ्यांनी पोहे, शिरा, करंज्या सगळं फस्त केलं. ढेरपोट्या आजोबांनी करंजीची रेसिपी विचारली. मला वाटलं, चला, मिटलं.

पण काक शेरकोंनी बशी खाली ठेवली आणि दाढीतला नारळ झटकला. "माफी झाली. शिक्षा राहिली."

"आता कसली शिक्षा?" मी म्हटलं.

"गुन्हा कबूल झालाय. दंड ठरवायचा मान रामेश्वरभाईंचा. नाहीतर उद्या लोक म्हणतील, शेरको करंज्या खाऊन निवाडा विकतो."

रेबवारने पुन्हा मान खाली घातली. कुबराचा घास हातातच राहिला. कोणालाच माहीत नव्हतं, हे काय बोलणार. मलाही नाही, आणि ह्यांच्या मनातलं मला ते बोलायच्या आधी कळतं असा माझा लौकिक आहे.

"दर शुक्रवारी सकाळी त्याने वर यायचं," हे म्हणाले. "आईचा फोन यायच्या आधी. आणि मिशी काढून द्यायची. फुकट."

काक शेरकोंनी मान हलवली. "ठीक. पण शिक्षेला मुदत लागते. किती काळ?"

हे उघड्या ओठावर बोट फिरवत राहिले.

"आई आहे तोवर," ते म्हणाले.

काक शेरकोंनी ते कुर्दीत बाकी दोघांना सांगितलं. लाल दाढीवाल्यांनी तांब्या खाली ठेवला. रेबवारने दोन्ही हात वर केले आणि म्हणाला, "अल्ला करे, बहुत लंबी सज़ा हो."

आणि मी, जिने सासूबाईंच्या बाबतीत असलं काही देवाकडे कधी मागितलं नव्हतं, त्या हॉलमध्ये सगळ्यांच्या आधी हात जोडले.